बावीस नंबरचा सदरा

मेबलबाईंच्या परसदारी दर सोमवारी दोरीवर आकडे वाळत घातलेले असायचे. गडद निळे सदरे आणि त्यांच्यावर पुढे-मागे शिवलेले पांढऱ्या कापडाचे वीतभर आकडे. वारा सुटला की बारा नंबर चोपन्नच्या अंगावर जाऊन पडायचा आणि सत्तर नंबर उलटा होऊन दोरीला गुंडाळायचा. मी इंग्रजी आकडे शिकले ते त्या दोरीवर. मेबलबाई चिमटे तोंडात धरून एकेक सदरा लावायच्या आणि दातांतूनच त्याचा आकडा म्हणायच्या. मी त्यांच्या मागून म्हणायची. त्यामुळे दहाच्या पुढचे आकडे मला आधी आले आणि एक ते दहा नंतर, कारण तसले नंबर त्या संघात कुणाच्याच पाठीवर नव्हते.

आम्ही तिथे कसे पोचलो त्याचं लांबण लावत नाही. ह्यांना पिकांवरच्या किडींचा अभ्यास करायला त्या कॉलेजने दोन वर्षांसाठी घेतलं होतं, आणि मुलगा एकटा गेला तर तिकडचाच होऊन बसेल अशी सासऱ्यांना धास्ती, म्हणून त्यांनी मलाही सोबत धाडलं. माझं वय अठरा. लग्नाला पाच महिने झालेले. माझे वडील बार्शीला शिंपीकाम करायचे. चौथी झाल्यावर मी शाळेऐवजी त्यांच्या दुकानात बसू लागले होते. काजं, गुंड्या, हातशिलाई, अस्तर लावणं, सगळं त्यांनीच शिकवलं. ते म्हणायचे, पोरी, टाका असा पडला पाहिजे की कापड फाटेल पण शिवण उसवणार नाही. हे त्यांनी मला इतक्यांदा सांगितलं होतं की सुई हातात घेतली की ते वाक्य आपोआप मनात यायचं.

पेनसिल्व्हेनियातल्या डोंगरांतलं ते लहानसं गाव, आणि कॉलेजच्या मैदानाला लागून मेबलबाईंचं लाकडी दुमजली घर. बाई विधवा होत्या, साठीच्या पुढच्या, उंच, हाडकुळ्या, बोटांची पेरं संधिवाताने सुजलेली. फुटबॉलचा हंगाम सुरू झाला की संघातली दहा मुलं त्यांच्याकडे जेवायला असत, आणि संघाचे कपडे धुऊन, शिवून द्यायचं कामही त्यांच्याकडेच असे. मागची एक खोली आमच्याकडे भाड्याने होती. त्या खोलीत एक पलंग, एक टेबल आणि ह्यांच्या किड्यांच्या काचेच्या पेट्या. टाचणी टोचलेले भुंगेरे रात्रंदिवस माझ्याकडे बघत असायचे. सुरुवातीला मी त्यांच्यावर टॉवेल टाकून झोपायची.

स्वयंपाकघर बाईंचं आणि माझं सामाईक होतं. पहिले पंधरा दिवस मटणाच्या वासाने मला अन्न जात नव्हतं. बाईंच्या ते लक्षात आलं. काही न बोलता त्यांनी चुलीच्या एका कोपऱ्यातली शेगडी धुऊन-पुसून माझ्यासाठी वेगळी केली आणि त्यावर आपलं भांडं कधी ठेवलं नाही. दुकानात पिवळे वाटाणे डाळीसारखे भरडून मिळत, त्यांचं वरण मी करायची. हिंग नव्हता, कढीपत्ता नव्हता, मोहरी तेवढी होती, तीही पिवळी. पण कणीक मिळायची, आणि पोळी मात्र अगदी घरच्यासारखी फुगायची. एका संध्याकाळी मी पोळ्या करत असताना एक मुलगा दारात येऊन उभा राहिला. रुंद खांद्यांचा, पण चेहरा अजून मिसरूडही न फुटलेल्या पोरासारखा. पोळी फुगली तसा तो दचकलाच. मी त्याला एक दिली, लोणी आणि तपकिरी साखर लावून. ती त्याने दारातच खाल्ली आणि आत जाऊन काय सांगितलं कोण जाणे, पाच मिनिटांत दारात चार जण होते.

तो मुलगा म्हणजे स्टॅन. बावीस नंबर. त्याचे वडील कोळशाच्या खाणीत होते, आणि आठ भावंडांत कॉलेजात आलेला हा पहिला. संघात चेंडू घेऊन पळण्याचं काम त्याचं. मला तेव्हा खेळातलं काही कळत नव्हतं. हे म्हणायचे, “चेंडू काखोटीला मारून पळतात आणि म्हणे फुटबॉल! पायाचा संबंध काय तर दुसऱ्याच्या पोटावर पडतो तेवढा.” मैदान घरापासून हाकेच्या अंतरावर होतं, तरी मी कधी गेले नाही. एवढ्या परक्या माणसांत पाचवारी साडी नेसून जाऊन बसायचं माझ्याच्याने होत नव्हतं. शनिवारी दुपारी सामना असला की मी स्वयंपाकघरात बटाटे सोलत ऐकायची. आधी बँड वाजायचा, मग शिट्टी, मग लोकांची आरोळी. आरोळी लांबत गेली की आपल्या पोरांचं काहीतरी जमलं, आणि मध्येच तुटली की फसलं, एवढं मला समजायला लागलं होतं. मग संध्याकाळी खिळ्यांचे बूट ओसरीच्या फळ्यांवर वाजायचे आणि बाई आतूनच ओरडायच्या, “बूट बाहेर! माझ्या जमिनीला आणखी भोकं नकोत!”

जेवायला बसल्यावर मात्र मी त्यांना सोडायची नाही. आमच्याकडे पाहुणा “नको, पुरे” म्हणाला तर वाढणाऱ्याने थांबायचं नसतं. तो म्हणणारच, आपण वाढायचंच. तसं केलं नाही तर वाढणारीला कद्रू म्हणतात. ती मुलं “नो, थँक यू” म्हणायची आणि मी आणखी एक पोळी ठेवायची. ती खायचीही बिचारी. स्टॅनने शेवटी युक्ती काढली, दोन्ही हात ताटावर आडवे धरून बसायचा आणि म्हणायचा, “मिसेस के, दया करा!” सगळे हसायचे. काळे हे आडनाव त्यांना म्हणता येत असूनही त्यांनी मला मिसेस के करून टाकलं होतं. बाई म्हणायच्या, “कोचला कळलं तर तो मला गोळी घालेल. ह्यांना पळायचंय, लोळायचं नाही.”

आज एवढ्या वर्षांनी, अमेरिकेतच रेडमंडला माझ्या नातीच्या, रेवतीच्या घरी बसून हे लिहिते आहे, तेव्हा तीच खोड माझ्यात जशीच्या तशी आहे. रेवतीचा नवरा निखिल नागपूरचा. तो मला सरळच सांगतो, “आजी, नो म्हणजे नो हं. डाएट आहे माझं.” मी बरं म्हणते आणि अर्धी पोळी ठेवते. अर्धीच. एवढी सुधारणा झाली, पण ती होण्याआधी काय घडलं तेच मला इथे मांडायचंय.

मैदानावरचे कपडे मेबलबाईंकडे आणून देणारे आणि नेणारे मिस्टर वॉल्टर म्हणून एक म्हातारे गृहस्थ होते. संघाचं सगळं सामान त्यांच्या ताब्यात असायचं. बूट, शिरस्त्राणं, खांद्याच्या गाद्या, सदरे. रेल्वेत असताना अपघातात त्यांचा एक पाय आखूड झाला होता. बायको नव्हती, मूल नव्हतं. मैदानाच्या कडेला लोकांना बसायच्या लाकडी पायऱ्यांखाली सामानाची कोठी होती आणि तिच्याच शेजारी एका खोलीत ते राहायचे. नोकरी गेली तर खोलीही जाणार, असा तो हिशेब. सोमवारी सकाळी त्यांची हातगाडी कुरकुरत यायची. ते टोपी काढून मला “मॉर्निंग, मॅम” म्हणायचे आणि मी मान खाली घालायची. महिनाभर आमचं संभाषण एवढंच. मग एकदा मी त्यांना चहा दिला, दूध-साखर घालून उकळलेला. त्यांनी एक घोट घेतला, कपात पाहिलं, पुन्हा घेतला, आणि पुढच्या सोमवारी अर्धा तास लवकर आले.

बाईंची बोटं वळत नव्हती म्हणून शिवणकाम हळूहळू माझ्याकडे आलं. गुडघ्यावर फाटलेल्या विजारी, निसटलेले आकडे, उसवलेल्या बाह्या. मंगळवारी मी खिडकीशी बसायची आणि बुधवारी सगळं घडी करून द्यायची. हे काम करताना एक गोष्ट मला खटकत होती. बाकी सगळ्या मुलांचे सदरे जाड, चांगल्या विणीचे होते. बावीस नंबरचा मात्र पातळ, तलम, हाताने ओढला तरी टरकेल असा. दर आठवड्याला त्याच्या चिंध्या होऊन यायच्या आणि वॉल्टर त्या शिवायलाही द्यायचे नाहीत, फडकी करायला टाकायचे. त्याला दुसरा मिळायचा, तोही तसलाच. मी मनात म्हणायची, खाणीतल्या मजुराचं पोर म्हणून हे कापड त्याच्या वाट्याला. मोठ्या घरच्या पोरांना चांगलं आणि ह्याला हे. बाईंना विचारावं एवढं इंग्रजी नव्हतं, आणि ह्यांना विचारावं तर हे किड्यांत गुंग.

हंगामाचे शेवटचे दोन सामने राहिले होते. थंडी पडायला लागली होती, सकाळी दोरीवरचे सदरे कडक होऊन पत्र्यासारखे वाजायचे. त्या सोमवारी वॉल्टरनी बावीस नंबरचा फाटका सदरा पहिल्यांदाच शिवायला आणला. नवे संपले होते. पाठीवर खांद्यापासून कमरेपर्यंत उभा फाटलेला. त्यांनी तो बाईंसमोर धरला आणि दोन बोटं जवळ आणून दाखवली, थोडंसंच. बाईंनी मला तसंच सांगितलं, “फार मेहनत घेऊ नकोस, पोरी. दोन-चार टाके मार, झालं.”

त्यांचं म्हणणं मला नीट कळलं होतं. शब्द कळले नाहीत असं मी म्हणू शकत नाही. पण मला वाटलं, ही दोघं संकोच करताहेत. मला त्रास नको म्हणून म्हणताहेत, जसा पाहुणा नको म्हणतो. आणि ते मनावर घेऊन मी खरोखरच दोन-चार टाके मारून दिले असते तर माझ्या बापाच्या नावाला काय शोभा राहिली असती? माझ्याजवळ एक जुनं निळं सुती पातळ होतं, धुऊन धुऊन मऊ झालेलं, पण वीण घट्ट. त्याची लांब पट्टी कापून मी सदऱ्याला आतून अस्तरासारखी लावली. दोऱ्याला मेण चोळून तो दुहेरी घेतला आणि खांद्यापासून खालपर्यंत उलटी टीप घातली, एकेक टाका तांदळाएवढा. मग दोन्ही खांद्यांना आणि काखेतही घातली, कारण पुढच्या वेळी तिथेच फाटणार हे मला दिसत होतं. सगळा मंगळवार त्यात गेला. बुधवारी सकाळी मी तो सगळ्यांत वर घडी करून ठेवला. वॉल्टरनी तो हातात घेतला, उलटून पाहिला, बोटाने शिवण चाचपली, पुन्हा पहिल्यापासून चाचपली. मग टोपीला हात लावून गेले. मी खूष.

शनिवारी दुपारी शेजारच्या गावच्या कॉलेजाशी सामना होता. मी बटाटे सोलत होते. शेवटाला एक आरोळी सुरू झाली, अशी की खिडकीच्या काचा थरथरल्या. लांबत गेली, लांबत गेली, आणि सुरीने कापावी तशी थांबली. त्यानंतर बँडही वाजला नाही. संध्याकाळी ओसरीवर बुटांचा आवाज आला, पण बाईंना ओरडावं लागलं नाही, पोरांनी आपणहून बाहेर काढले. नऊच जण जेवायला आले. स्टॅनच्या गळ्याजवळचं हाड मोडलं होतं, त्याला इस्पितळात नेलं होतं. कुणी पोळी मागितली नाही.

सोमवारी हातगाडी आली, पण ढकलणारा वॉल्टर नव्हता, कॉलेजातला कुणी कारकून होता. टोपल्या ओसरीवर टाकून तो निघून गेला. मी उकळलेला चहा तसाच राहिला. टोपलीत मला बावीस नंबरचा सदरा दिसला. चिखलाने भरलेला, एका बाजूचं कापड ताणून ताणून जाळीसारखं झालेलं, बाही गेलेली. पण माझी शिवण? जशीच्या तशी. एक टाका हलला नव्हता. लिहायला लाज वाटते, पण त्या क्षणी मला अभिमान वाटला. तो सदरा घेऊन मी आत गेले आणि बाईंसमोर धरून शिवणीवर बोट ठेवलं. “सी? स्ट्राँग!”

बाईंनी चष्मा लावला, सदरा उलटा केला, आतलं अस्तर पाहिलं आणि खुर्चीत बसल्या. “ओह, डिअर,” म्हणाल्या. “ओह, माय डिअर.”

मग त्यांनी मला समजावलं. उठून माझ्या मागे आल्या आणि माझ्या अंगावरचा स्वेटर पाठीमागून मुठीत धरला. म्हणाल्या, पळ. मी दोन पावलं टाकली आणि अडकले. मग त्यांनी एक जुनं फडकं माझ्या खांद्यावर टाकलं, ते धरलं, म्हणाल्या, आता पळ. फडकं त्यांच्या हातात राहिलं आणि मी चुलीपर्यंत पोचले. मला समजलं. पातळ कापड गरिबीचं नव्हतं. पळणाऱ्याला मागून कुणी पकडलं तर सदरा फाटून त्याच्या हातात यावा आणि पळणारा निसटावा, म्हणून तो मुद्दाम तसा. वॉल्टरनी दोन टाके सांगितले ते त्याचसाठी. शनिवारी स्टॅन सगळ्यांना चुकवून शेवटच्या रेषेजवळ पोचला होता. मागून एकाने पाठीवरचा सदरा धरला. सदरा फाटेना. त्याने तसंच गरकन फिरवून स्टॅनला जमिनीवर आपटलं.

“आणि वॉल्टर?” मी विचारलं.

बाईंनी सदऱ्याची घडी केली. “कोचला वाटतंय, म्हाताऱ्याने चुकून सरावाचा जाड सदरा दिला. सगळ्यांसमोर बोलला त्याला. बुधवारपर्यंत खोली रिकामी कर म्हणाला.” मग थोडं थांबून म्हणाल्या, “मी जाऊन सांगते. मी शिवला म्हणून सांगेन. मला काय करणार तो?”

दुपारी हे जेवायला आले तेव्हा मी सगळं सांगितलं आणि म्हटलं, “अहो, तुम्ही जाऊन सांगा ना कोचना. तुम्हाला नीट बोलता येतं.”

ह्यांचा घास हातातच राहिला. “मी? अगं, मला त्यांच्यात कोण ओळखतं? आणि आपण परदेशात आहोत, ह्यांच्या शिष्यवृत्तीवर. उद्या कुणी म्हणालं, ह्या परक्या बाईने आमचा सामना घालवला, तर?”

“घालवलाच आहे.”

“तसं नाही गं. मी गुरुवारी माझ्या प्रोफेसरांना विचारतो, कुणाकडून सांगावं ते.”

“गुरुवारी? त्यांना बुधवारी जायचंय.”

ह्यांनी हातातला घास ताटात परत ठेवला. ह्यांचा स्वभाव वाईट नव्हता, भित्रा होता, आणि तो मीच सर्वांत चांगला ओळखत होते कारण माझाही तसाच होता. दोन भित्री माणसं एका टेबलाशी बसली की कुणीतरी उठावंच लागतं. मी ह्यांचा लांब कोट साडीवर चढवला, पायात ह्यांचेच लोकरी मोजे, आणि सदरा काखेत घेऊन निघाले. ओसरीवरून बाईंनी हाक मारली, “थांब, मी येते!” पण मी थांबले असते तर माझा धीर सुटला असता.

मैदान मी पहिल्यांदा आतून पाहिलं. गवत पिवळं आणि थंडीने कडक झालेलं, त्यावर चुन्याच्या रेषा. चाळीस-पन्नास धिप्पाड पोरं एकमेकांवर आदळत होती, तोंडातून वाफा निघत होत्या. शिट्टी वाजली, आणि हळूहळू सगळं थांबलं, कारण सगळे माझ्याकडे बघायला लागले होते. रेषेरेषेने मी चालत राहिले. वाटेत मी एकच वाक्य घोकत होते. कोच बुटके, लाल मानेचे, हातात पुठ्ठ्याला लावलेले कागद. त्यांना वाटलं मी धुलाईचे कपडे द्यायला आले. कोठीकडे बोट दाखवून म्हणाले, “तिकडे ठेवा, मॅम.”

मी म्हटलं, “वॉल्टर नो मिस्टेक. आय स्टिच. माय मिस्टेक.”

त्यांना काही उमगलं नाही. मी पुन्हा म्हटलं. आवाज इतका बारीक निघाला की मागच्या पोरांपर्यंत गेला नसेल. मग मी सदरा त्यांच्या हातात दिला, पाठीची शिवण उलगडली आणि दोन्ही मुठींनी ओढायची खूण केली. त्यांनी ओढलं. पुन्हा जोर लावून ओढलं. मग कागद खाली ठेवून, पाय रोवून ओढलं. तोंड मानेपेक्षा लाल झालं. मागून कुणीतरी खुसखुसलं. त्यांनी सत्तर नंबरच्या पोराला बोलावलं, तो दारातून आडवा यायचा एवढा रुंद. एक टोक त्याच्याकडे, एक चोपन्नकडे. दोघांनी रस्सीखेच केली. टर्रकन आवाज झाला, दोघंही मागे बसले, कापड दोन ठिकाणी फाटलं आणि शिवण मधोमध तशीच उभी. आता सगळेच हसले. मला रडू फुटलं.

कोच हसले नाहीत. त्यांनी आतली निळी पट्टी बघितली, मग माझ्या कोटाखालून दिसणाऱ्या साडीकडे पाहिलं.

“असं शिवायला कुणी सांगितलं तुम्हाला?”

“माय फादर,” मी म्हटलं. दुसरं खरं उत्तर माझ्याजवळ नव्हतं.

त्यांनी टोपी काढली, डोकं खाजवलं, परत घातली. काहीतरी बोलले, ते मला समजलं नाही. सदरा त्यांनी स्वतःच ठेवून घेतला आणि शिट्टी वाजवली, पोरं पुन्हा आदळायला लागली. काय ठरलं हे न कळताच मी परत आले. ओसरीवर मेबलबाई उभ्या होत्या, आणि हेही, कोटाशिवाय, थंडीत काखेत हात घालून. हे म्हणाले, “मी निघालोच होतो.” ते खरं होतं असं मी अजूनही मानते.

त्या संध्याकाळी स्टॅन जेवायला आला, उजवा हात गळ्यात बांधलेला. मी त्याच्यासमोर उभी राहिले आणि माफी कशी मागायची तेच आठवेना. त्यानेच डावा हात वर केला. म्हणाला, “मिसेस के, एवढं घट्ट माझ्या आईलाही शिवता येत नाही. तिला सांगू नका मात्र.” आणि मग, “फाटला असता तर मी पोचलो असतो. पण पोचताना पडलोही असतो, सांगता येत नाही.” त्याला एका हाताने मटण कापता येईना. मी पोळीचे तुकडे करून, लोणी-साखर लावून त्याच्यापुढे ठेवले. त्या दिवशी त्याने ताटावर हात धरला नाही. पुढच्या वर्षी तो पुन्हा पळला, पण थोडा तिरका पळायचा, खांदा जपत. 

मंगळवारी सकाळी मी खिडकीशी बसले होते, पण हातात काम नव्हतं. गल्लीच्या वळणावर गाडी कुरकुरली. मी पळतच बाहेर गेले. वॉल्टर आखूड पाय टाकत येत होते, टोपी डोक्यावर, गाडीत एकच सदरा. एकतीस नंबरचा, पाठीवर मुद्दाम उभा कापलेला. स्टॅनच्या जागी तो पोरगा पळणार होता, आणि पातळ सदरे तर संपले होते. कोचनी त्यांची माफी मागितली का, हे ना त्यांनी सांगितलं ना मी विचारलं. त्यांना परत कामावर घेतलं होतं, खोली राहिली होती. चहा घेऊन ते ओसरीच्या पायरीवर बसले आणि मी दाराच्या आत. मेबलबाई मध्ये खुर्ची टाकून बसल्या, कारण वॉल्टर जे म्हणत ते त्या माझ्यासाठी सोपं करून सांगत.

वॉल्टर म्हणाले, “मला माहीत होतं. बुधवारी हातात घेतला तेव्हाच.”

“मग दिलास कशाला त्या पोराला?” बाई कडाडल्या.

“शनिवारी सकाळी कात्री घेऊन बसलो होतो. शिवण उसवावी आणि दोन टाके मारावेत म्हणून.” त्यांनी कप दोन्ही हातांत धरला. “तासभर बसलो. कापवेना. माझ्यासमोर इतकी वर्षं कपडे आले, असं कुणी शिवून दिलं नव्हतं. म्हटलं, एक दिवस चालेल. कोच म्हणतो ते खरंच आहे, चूक माझीच.”

  त्या एका वाक्याने माझ्या मनावरचं निम्मं ओझं उतरलं आणि त्याच वेळी दुसरं चढलं, की ह्या माणसाने माझी शिवण मोडायला नको म्हणून आपलं घर जाऊ दिलं असतं आणि अवाक्षर काढलं नसतं.

मग त्यांनी मला कच्चं शिवायला शिकवलं. होय, शिकावं लागलं. माझा हात आपोआप टाका घट्ट ओढायचा. ते म्हणायचे, “सैल, मॅम, आणखी सैल,” आणि बोटाने टाका उचलून दाखवायचे. एकेरी धागा, करंगळीएवढे लांब टाके, गाठ नाही. शिवून झालं की ते नुसतं चिमटीने ओढायचे आणि सगळं सुटायचं. चौथ्या वेळी कुठे त्यांनी मान हलवली. निखिलला मी हे मागच्या महिन्यात सांगितलं तर तो सोफ्यावरून उठलाच. “आजी, टेअर-अवे जर्सी? ओढली की फाटणारी? सीरियसली? यार, तसल्या आता अलाउडच नाहीत!” मग त्याने फोन काढला आणि मला जुनी चित्रं दाखवायला लागला. चित्रांत कुणाच्याही सदऱ्यावरची शिवण दिसत नव्हती.

शेवटच्या सामन्याला मी गेले. मेबलबाईंनी मला त्यांची लोकरी शाल दिली, आणि हे माझ्या शेजारी बसले, खिशात किड्यांची एक डबी तशीच. लोक वळून बघत होते, पण बघण्यासारखं माझ्यापेक्षा मैदानात जास्त होतं. खेळ मला तेव्हाही कळला नाही. मी फक्त एकतीस नंबरवर डोळे लावून होते. दोनदा त्याने चेंडू घेतला आणि दोनदा ढिगाऱ्याखाली गेला. तिसऱ्यांदा तो कडेने सुटला, अगदी आमच्या समोरून. मागून समोरच्या संघाचा एक लालवाला धावत आला आणि त्याने पाठीवर झडप घातली. मुठीत सदरा आला.  टर्र असा आवाज आम्हाला पायऱ्यांवर ऐकू आला आणि लालवाला निळी चिंधी घेऊन तोंडावर पडला.

हे दचकून उभे राहिले. “अगं, फाटला! तू शिवलेला फाटला!”

मीही उभी राहिले होते. एवढ्या माणसांत आयुष्यात पहिल्यांदा ओरडले. “फाटू द्या हो! त्याच्यासाठीच शिवलाय!”

एकतीस नंबर पळतच होता, पाठीवर चिंध्या फडफडत. तो रेषेपलीकडे पोचला की नाही ते मला दिसलं नाही, कारण तेवढ्यात मैदानाच्या कडेने वॉल्टर निघाले होते. काखेत दुसरा सदरा, आखूड पाय टाकत, जमेल तेवढं भरभर, त्या पोराच्या दिशेने.